टाइस सायकलवरून का उतरला

दादा, मिशिगनहून पत्र आलं. तुझ्या नावावर, निळ्या शाईत, थरथरत्या पण सरळ ओळीतल्या अक्षरात. तुला जाऊन अकरा दिवस झाले होते. वहिनीने जाहिरातींच्या कागदांतून ते पाकीट वेगळं काढलं, मागून-पुढून पाहिलं आणि माझ्यासमोर ठेवलं. म्हणाली, "हे तुमच्या दोघांचं काहीतरी दिसतंय. तूच फोड."

मी लगेच फोडलं नाही. डिशवॉशर रिकामा केला. चमचे चमच्यांच्या खणात लावले. अकरा दिवस मी हेच करते आहे, समोर दिसेल ते काम. लोक म्हणतात मनीषाने किती धीराने घेतलं. धीर वगैरे काही नाही रे. दाढ काढल्यावर गालाला हात लावला तर तो आपला वाटत नाही ना, तसं आहे. शेजारच्या जोशीकाकू रोज डबा आणतात, मला जवळ घेतात, रडतात, आणि मी त्यांच्या पाठीवर हात फिरवत विचार करते की कालचा डबा धुऊन परत दिला का.

तू गेलास त्या दिवशीचं तुला सांगायचं राहिलंय. तुझे ओठ कोरडे पडत होते म्हणून नर्सने त्या टोकाला स्पंज लावलेल्या काड्या आणायला सांगितल्या होत्या. दुपारची वेळ, दुकानात चार-पाच माणसं. मी रांगेत उभी होते आणि वहिनीचा फोन आला. ती एवढंच म्हणाली, "मनू, ये." मला कळलं. तरी मी रांगेतून बाहेर पडले नाही. माझा नंबर येईपर्यंत उभी राहिले. काउंटरवरच्या मुलीने विचारलं, सगळं मिळालं ना? मी म्हटलं, हो, सगळं मिळालं. मग गाडीत बसून पट्टा लावला, मिरर नीट केला आणि सिग्नल पाळत घरी आले. ती पिशवी अजून माझ्या गाडीच्या मागच्या सीटवर आहे.

पत्राकडे येते. पण त्याआधी टाइसबद्दल थोडं लिहायला हवं. तुझ्यासाठी नाही, तुला तो पाठ होता. तन्वी म्हणाली, "आत्या, राइट इट डाउन. आय ओन्ली नो हाफ ऑफ इट." तिला मराठी सावकाश वाचता येतं. तिच्यासाठी.

तर तन्वी, तुझा बाबा एकावन्नाव्या वर्षी शहराच्या उत्तरेकडच्या लाकडी सायकल ट्रॅकवर नवशिक्यांच्या वर्गात गेला. सांगलीत कॉलेजात असताना तो रस्त्यावरच्या शर्यती मारायचा, तेवढीच पुंजी. ट्रॅक म्हणजे लाकडी फळ्यांची मोठी परात, कडा इतक्या उभ्या की चालत चढताना हात टेकावे लागतात. तिथल्या सायकलला ब्रेक नसतो. पायही थांबवता येत नाहीत, कारण चाक फिरतं तोवर पेडल फिरतंच. दुसऱ्याच आठवड्यात तो पडला आणि खांद्याचं हाड मोडलं. तुझ्या आईला सांगितलं, बेसमेंटच्या पायऱ्यांवरून घसरलो. महिन्याने तिला गराजमध्ये तडकलेलं हेल्मेट सापडलं. "पायऱ्या उतरताना हेल्मेट घातलं होतंत का?" एवढंच तिने विचारलं. आमच्याकडे हा प्रश्न कित्येक वर्षं चालला.

त्या ट्रॅकच्या ऑफिसात एक फोटो होता. दोन सायकलस्वार उभ्या कडेवर, दोघेही जागच्या जागी थांबलेले, पाय जमिनीला नाहीत, तोल सायकलवरच. स्प्रिंटच्या शर्यतीत असं करतात, कारण जो मागे राहतो त्याला पुढच्याची चाल दिसते. म्हणून दोघंही पुढे जायला तयार नसतात. फोटोच्या मागे पेन्सिलने एकाचं नाव लिहिलं होतं, टाइस, हॉलंड. दुसऱ्याचं नाव नव्हतं. हा कोण, ते ऑफिसातल्या कुणालाच माहीत नव्हतं. "कुणालाच माहीत नाही म्हणजे काय?" असं तू मला फोनवर विचारलंस, दादा, जणू मीच ते लपवून ठेवलं होतं.

ते शनिवारचे फोन तिथून सुरू झाले. उन्हाळ्यात तू माझ्यापुढे दोन तास, हिवाळ्यात एक. माझा चहा व्हायचा असायचा आणि तुझं जेवण झालेलं असायचं. इकडे वाळवंटातल्या चँडलरच्या घरात मी तेव्हा नुकती एकटी झाले होते. घटस्फोटाचे कागद आले होते, अर्ध्या खोल्या रिकाम्या होत्या. मला काही बोलायचं नव्हतं. तू काही विचारलं नाहीस. "ऐक ना मने, आज काय सापडलंय," म्हणून तू सुरू व्हायचास, आणि शंभराहून जास्त वर्षांपूर्वीचा एक परका माणूस आपल्या मध्ये आणून बसवायचास. वर्षभर मी फक्त हं हं करत होते. त्या वर्षाबद्दल मी तुला कधी काही म्हटलं नाही. तुझ्या लक्षात आलं असेल असं धरून चालले.

टाइस बेकरीवाल्याचा मुलगा. पाव पोचवायच्या जड सायकलवर वाढलेला. गावाबाहेरच्या सिमेंटच्या ट्रॅकवर पहिल्यांदा उतरला तेव्हा शूजना अजून पीठ होतं, असं त्या गावच्या पेपरात छापून आलं होतं. तू ते वाचण्यासाठी डच शिकलास. आधी फोनवरच्या ॲपवर, मग जुने पेपर समोर ठेवून शब्द शब्द लावत. मीटिंगमधून बाहेर पडलास की गाडीत बसून डच उच्चार घोकायचास. तन्वीला वाटायचं बाबाच्या घशात काहीतरी अडकलंय.

तो देशात पहिला आला. पॅरिसला गेला, तेही मालगाडीच्या डब्यात सायकलला टेकून झोपून. तिथे मोठमोठे लोक त्याच्या त्या थांबण्याला घाबरायचे. तो कडेवर उभा राहिला की उभाच. समोरच्याच्या मांड्या कापायला लागायच्या, तोल जायचा, तो पुढे निसटायचा आणि मग टाइस त्याला खालून गाठायचा. तू हे सांगताना उभा राहून करून दाखवायचास. मला फोनवर दिसायचं नाही, पण वहिनी मागून ओरडायची, "अहो, टेबल!"

मग त्याला मोटारसायकलच्या मागे पळायच्या शर्यतीत घेतलं. पुढे मोटारसायकल, वर तिचा चालक वारा अडवायला ताठ उभा, आणि त्याच्या पाठीला जवळजवळ चिकटून सायकलस्वार. जर्मनीतल्या एका ट्रॅकवर टाइसच्या पुढच्या मोटारसायकलचा टायर फुटला. चालक जागीच गेला. टाइस त्याच्यावरून उडून गवतात पडला आणि वाचला. त्या चालकाच्या बायकोला भेटायला तो हातात हॅट घेऊन गेला आणि दारातूनच परत आला, असं एका मुलाखतीत त्याने सांगितलं होतं. बेल वाजवता आली नाही. हे तू मला फोनवर वाचून दाखवलंस.

त्यानंतर तो मोटारसायकलच्या मागे पुन्हा पळाला नाही. बोटीने अमेरिकेत आला. इथे तेव्हा बंद हॉलमध्ये सहा दिवसांच्या शर्यती चालायच्या. दोघांची जोडी, एक ट्रॅकवर, एक कडेच्या खोपट्यात आडवा, आलटून पालटून सहा दिवस चक्र थांबायचं नाही. टाइसचा जोडीदार एक बेल्जियन होता. आणि त्या शर्यतींतल्या शेवटच्या एका शर्यतीबद्दल डच पेपरात तारेने आलेली दोन वाक्यं होती, जी तू मला निदान पन्नास वेळा वाचून दाखवलीस. शेवटच्या संध्याकाळी, आघाडीवर असताना, एक तास बाकी असताना टाइस सायकलवरून उतरला. कारण समजले नाही.

बस. त्याची कारकीर्द तिथे संपते. त्यानंतर कुठल्याच पेपरात तो नाही.

तुझं म्हणणं, त्याने ठरवून सोडलं. जोडीदाराला ताप होता, हे दुसऱ्या एका बातमीत तुला मिळालं होतं. आपण पळत राहिलो तर पुढच्या पाळीला तापातल्या माणसाला उठवून सायकलवर बसवतील, म्हणून टाइस उतरला. जर्मनीतला मृत्यू त्याच्या डोक्यात होता, आणखी एक नको होता.

"आणि तो थकला असेल तर?" मी म्हटलं.

"थकणारा माणूस पहिल्या चार दिवसांत थकतो. एक तास उरल्यावर कुणी थकतं का?"

"थकवा घड्याळ बघून येतो का, दादा?"

"मने, तुला क्रियापद कळत नाहीये. पेपर म्हणतो, उतरला. पडला म्हणत नाही. कोसळला म्हणत नाही."

"डचमध्ये शर्यत सोडली असंही त्याच शब्दाने म्हणतात ना? तूच सांगितलं होतंस."

यावर तू फोन ठेवलास. पुढच्या शनिवारी पुन्हा केलास आणि जिथे सोडलं होतं तिथूनच सुरू झालास.

पॅन्क्रियाजचा कॅन्सर निघाला तेव्हा हा वाद वर्षभर जुना होता. पहिली केमो तू हसतखेळत घेतलीस असं सगळे म्हणतात. मी नव्हते म्हणणाऱ्यांत. मला तुझा आवाज ऐकू यायचा. वाक्यं छोटी होत चालली होती.

मार्चमध्ये मी आले तेव्हा बाहेर बर्फाचे ढीग अजून कमरेइतके होते. स्वयंपाकघरात आपण चौघं. वहिनी कुकरजवळ, तन्वी लॅपटॉपवर. तू कप खाली ठेवलास आणि म्हणालास, "पुढची केमो घेत नाहीये. डॉक्टरांशी बोललोय."

"बोललोय म्हणजे? आम्हाला कधी सांगणार होतास?"

"आत्ता सांगतोय की."

"दुसरं ओपिनियन घेऊ."

"घेतलं. तिसरंही घेतलं."

वहिनीने गॅस बंद केला. तिला माहीत होतं, हे मला तिच्या पाठीवरून कळलं. तिला माहीत होतं आणि मला नाही, याचाच मला जास्त राग आला असावा. मी म्हटलं, "हे सगळं त्या टाइसमुळे. उतरला म्हणजे मोठा पराक्रम केला असं डोक्यात घेऊन बसलायस."

"टाइसचा इथे काय संबंध?" तू खरंच चकित होऊन विचारलंस.

"तू हार मानतोयस, दादा, आणि त्याला निर्णय म्हणतोयस."

"आत्या, स्टॉप. प्लीज," तन्वी म्हणाली.

तू उठलास, कप सिंकमध्ये ठेवलास, त्यात पाणी सोडलंस. मला विमानतळावर जायला अजून दोन तास होते, तरी म्हणालास, "निघताना जॅकेटची चेन वरपर्यंत लाव. सिंगल डिजिट आहे बाहेर. तुमचं चँडलर नाही हे."

ते हार मानण्याचं वाक्य मी परत घेतलं नाही. एप्रिलअखेर मुक्कामालाच आले, तुझ्या बेसमेंटमधून ऑफिसचं काम केलं, दिवसातून वीस वेळा वर येऊन तुला पाहिलं. वेळ भरपूर होता. तू झोपेत असायचास किंवा जोशीकाकू असायच्या, किंवा नर्स. किंवा कुणीच नसायचं आणि मी तुझ्या उश्या नीट करायचे. तूही मार्चचा विषय काढला नाहीस. रोज दुपारी एकच विचारायचास, "पोस्ट आलं का?" मला वाटायचं, इन्शुरन्सचे कागद. मी म्हणायचे, "मी बघते, तू पड."

तू पत्राची वाट बघत होतास.

टाइसच्या नातीचा पत्ता तुला कुठल्याशा चर्चच्या जुन्या यादीत मिळाला होता आणि तू तिला लिहिलं होतंस, हे तू मला सांगितलंच नव्हतंस. मार्था तिचं नाव, वय ब्याऐंशी. तिने लिहिलंय की उत्तराला उशीर झाला, कंबर मोडली होती, दोन महिने पुनर्वसन केंद्रात होते, पत्रं घरी साठून राहिली. तुझं पत्र साठलेल्या ढिगात होतं, दादा. त्यात कुणाची चूक नाही.

आता ऐक. टाइस परत गेला नाही. मिशिगनमध्ये डच लोकांच्या गावात राहिला, फर्निचरच्या कारखान्यात टेबलांचे पृष्ठभाग घासून गुळगुळीत करायचं काम तीस वर्षं केलं. मेडल्स ठेवली नाहीत, कुठे गेली माहीत नाही. शर्यतींबद्दल बोलायचा नाही. फक्त एक गोष्ट सांगायचा, रविवारच्या जेवणाला, नातवंडांनी फारच मागे लागून विचारलं तर.

त्या शेवटच्या दिवशी जोडीदार तापाने उठेना. म्हणून टाइसने त्याच्याही पाळ्या घेतल्या, दुपारपासून संध्याकाळपर्यंत एकट्याने. आणि एक तास उरला असताना तो झोपला. सायकलवर, चालत्या. त्या सायकलचे पेडल थांबत नाहीत, त्यामुळे पाय फिरत राहिले. लोकांना वाटलं तो मजेत चाललाय. सायकल हळूहळू कडेवरून खाली आली, आतल्या सपाट पट्ट्यावर गेली, तिथे वेग संपला आणि तो अलगद आडवा झाला. मदतनिसांनी त्याला उचलून नेलं. बातमी पाठवणाऱ्याने वर मान केली तेव्हा ट्रॅकवर टाइस नव्हता, म्हणून त्याने लिहिलं, उतरला.

तो दुसऱ्या दिवशी जागा झाला, भाड्याच्या खोलीत. बेल्जियन जोडीदार त्याच्या शेजारी बसला होता, अंगावर ब्लँकेट, स्वतः अजून तापात. टाइसने पहिला प्रश्न विचारला, "आपण किती फेऱ्यांनी पुढे होतो?" जोडीदार म्हणाला, "जिंकलो आपण. सूप पी." आणि टाइस सूप प्यायला. अख्खा दिवस त्याला वाटत होतं की तो जिंकलाय. संध्याकाळी दाढी करायला खाली गेला तेव्हा न्हाव्याने खरं सांगितलं. मार्था लिहिते, आजोबा गोष्टीत इथवर आले की इतके हसायचे की डोळे पुसावे लागायचे, आणि शेवटी दर वेळी तेच म्हणायचे, पण सूप फार चांगलं होतं.

ना तुझं बरोबर, ना माझं. जोडीदाराचा ताप तू बरोबर पकडला होतास. थकण्याचं मी. पण ठरवलं त्यानेही नव्हतं, आणि हारही मानली नव्हती. तो झोपला होता.

शनिवारी सकाळी मी फोन हातात घेतला आणि तुझं नाव काढलं. मग परत खाली ठेवला. थोड्या वेळाने पत्राच्या शेवटी मार्थाने दिलेला नंबर लावला.

तिचा आवाज पत्रासारखाच, थरथरता आणि सरळ. मी शिरीषची बहीण, एवढं म्हटल्यावर ती लगेच म्हणाली, "अच्छा, ती बहीण! तूच ना ती, जी म्हणते आजोबा थकले होते?"

मी विचारलं, तुम्हाला कसं माहीत.

"त्याने लिहिलंय ना. थांब, चष्मा घालते." कागदांचा आवाज आला. मग ती वाचू लागली. तुझं इंग्रजी, दादा, ते जरा ऑफिसच्या वळणाचं. मी मराठीत लिहिते:

"माझ्या धाकट्या बहिणीचं म्हणणं आहे की तुमचे आजोबा थकले होते म्हणून उतरले. मी तिच्याशी वर्षभर भांडलो. मार्चमध्ये आम्ही पुन्हा भांडलो, पण तेव्हा ती तुमच्या आजोबांबद्दल बोलत नव्हती. तिचं चुकलं नव्हतं. मी फार थकलो आहे. हे मला तिला तोंडाने सांगता येत नाही, कारण ती लगेच काहीतरी उपाय शोधायला निघेल. तुमच्या आजोबांचं खरं काय झालं ते कळलं तर मला बरं वाटेल."

मी म्हटलं, पुन्हा वाचता का? तिने वाचलं. दुसऱ्या वेळी जास्त सावकाश.

मग तिने विचारलं, "आणि वाचून त्याला बरं वाटलं का? माझं उत्तर?"

मी तिला सांगितलं. तू कधी गेलास, पत्र कधी आलं. माझ्या पायाखाली तुझ्या स्वयंपाकघराची फरशी होती आणि तिच्यावर ऊन आलं होतं. वहिनी दारात येऊन उभी होती, माझ्याकडे बघत. तेव्हा मला कळलं की माझी हनुवटी ओली आहे.

मी मार्थाला म्हटलं, ते पत्र मला पाठवाल का? माझ्या भावाचं आहे.

"त्याची कॉपी काढून पाठवते मी," ती म्हणाली. "मूळ पत्र नाही देणार. ते त्याने मला लिहिलंय."

बरोबर आहे, मी म्हटलं.